मंगोलियातली मेंढरं, रानातली आणि वाड्यातली: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मंगोलिया म्हटलं की आपल्याकडे घोडा आणि चंगीज खान यांच्यापलीकडे विषय सहसा जात नाही. त्या देशाचा संसार मात्र मेंढरावर उभा आहे, आणि त्याच मेंढराचा एक अजस्र रानटी भाऊबंद तिथल्या डोंगरांत अजून फिरतो. या दोघांना एकत्र पाहिल्याशिवाय तिथला मेंढपाळ नीट कळत नाही. म्हणून इथे दोघांबद्दलचे प्रश्न सोबतच घेतले आहेत.

मंगोलियातली रानमेंढी म्हणजे नेमकी कोणती?

अर्गली. जगातल्या सगळ्या रानमेंढ्यांत आकाराने सर्वांत मोठी. शास्त्रीय नाव ओव्हिस अम्मोन. मंगोलियाच्या पश्चिमेला अल्ताई पर्वतात अल्ताई अर्गली आणि दक्षिणेच्या कोरड्या टापूत गोबी अर्गली, असे दोन प्रकार सांगितले जातात. अल्ताईतला पूर्ण वाढलेला नर १०० ते १८० किलो भरतो. आपला दख्खनी मेंढा ४० किलोच्या आसपास असतो हे लक्षात घेतलं, की अंदाज येईल. नराची शिंगं कानामागून वळून, पुढे येऊन पुन्हा बाहेर फिरतात. वळणावरून दोरी धरून मोजली तर मोठ्या नराचं शिंग दीड मीटरच्या वर जातं, आणि कवटीसकट शिंगांचं ओझं २० किलोच्या घरात असतं. एवढं वजन डोक्यावर घेऊन तो पळतो, चढतो आणि शरदात दुसऱ्या नराला टक्कर देतो. मादीलाही शिंगं असतात, पण लहान आणि कमी वळणाची.

पाळीव मेंढी या अर्गलीपासूनच आली ना?

नाही. हा समज फार पसरलेला आहे. पाळीव मेंढीचं मूळ पश्चिम आशियातल्या मूफ्लॉन या रानमेंढीत आहे आणि ती साधारण १० ते ११ हजार वर्षांपूर्वी माणसाळली. मंगोलियात ती नंतर, माणसांबरोबर पूर्वेकडे सरकत पोहोचली. गुणसूत्रं मोजली तरी फरक दिसतो: पाळीव मेंढी आणि मूफ्लॉन यांची ५४, अर्गलीची ५६.

मग दोघांचा संकर होतो का?

होऊ शकतो, आणि झालेली पिल्लं पुढे प्रजननक्षमही असतात. कळपापासून दूर भटकलेल्या मेंढीला अर्गलीचा नर लागणं अशक्य नाही. पण नेहमी घडणारी ही गोष्ट नाही, कारण अर्गली माणसाच्या वस्तीपासून जितकं लांब राहता येईल तितकं राहते.

अर्गली कड्यांवर राहते का?

कड्यांवर राहतो तो आयबेक्स, म्हणजे रानबोकड. दोघांच्या पायांकडे पाहिलं तर फरक कळतो. आयबेक्सचे पाय आखूड आणि दणकट. धोका दिसला की तो उभ्या खडकात घुसतो. अर्गलीचे पाय लांब; तिचा भरवसा पळण्यावर. त्यामुळे तिला उतरते, उघडे डोंगर आणि लांबवर दिसेल अशी जागा लागते. गोबीच्या बाजूला तर ती फार उंचावरही नसते, बुटक्या खडकाळ टेकड्यांतच वावरते.

नेमकी हीच जमीन मेंढपाळालाही हवी असते. उतार सौम्य, गवत बरं, वाऱ्याला आडोसा, जवळपास पाणी. पुढच्या निम्म्या प्रश्नांची उत्तरं या एका गोष्टीतून निघतात.

भारतात ही मेंढी आहे का?

तिची तिबेटी जात आहे. लडाखच्या पूर्वेकडच्या पठारावर आणि सिक्कीमच्या उत्तर टोकाला. लडाखमध्ये तिला न्यान म्हणतात. संख्या फार थोडी आहे. हिमालयात जाणाऱ्यांना बऱ्याचदा दिसतो तो भरल, आणि त्याचे फोटो न्यान म्हणून फिरतात. तो वेगळा प्राणी.

मंगोल घरात पाळीव मेंढीचं स्थान काय?

मंगोल लोक आपल्या पशुधनाला ‘पाच तोंडांची जनावरं’ म्हणतात: घोडा, उंट, गाय-याक, मेंढी आणि शेळी. त्यातही घोडा आणि मेंढी ‘उष्ण तोंडाची’, बाकी तीन ‘थंड तोंडाची’. उष्ण तोंडाच्या जनावरांना मान जास्त. माणसाच्या ती जवळची, असं मानतात.

मान पुरे, आता रोजचं बघू. थंडीतलं मुख्य अन्न म्हणजे मेंढीचं मटण. गेर, म्हणजे त्यांचं गोल फिरतं घर, झाकलं जातं मेंढीच्या लोकरीच्या नमद्याने, म्हणजे लोकर दाबून केलेल्या जाड कापडाने. हिवाळ्याच्या वाड्यात मेंढरांच्या पायाखाली लेंड्यांचा जो घट्ट थर साचतो त्याचे फरशीसारखे तुकडे कापतात. त्याला ‘खोर्झोन’ म्हणतात. वाळवून ते चुलीत जातात आणि सरपण नसलेल्या माळावर घर उबदार ठेवतात. मंगोल मेंढीच्या शेपटीत चरबीचा मोठा साठा असतो, दुष्काळी दिवसांत तिला तोच तारतो. या चरबीचा तुकडा तान्ह्या बाळालाही चोखायला देतात.

त्सागान सार या नव्या वर्षाच्या सणाला पाटावर मधोमध असते ती ‘ऊत्स’: शेपटीसकट शिजवलेली मेंढीची अख्खी पाठ. शेपूट जितकी रुंद तितकी घरची शोभा. जेवून झाल्यावर घोट्याची हाडं जपून ठेवतात. ती म्हणजे ‘शागाई’. तिच्या चार बाजू चार जनावरांच्या: घोडा, उंट, मेंढी, शेळी. पोरं तिच्यावर खेळतात, मोठे तिने शकुन बघतात, आणि नेम धरून शागाई उडवण्याचा खेळ तर नादाम उत्सवात रंगतो. या खेळाला २०१४ मध्ये युनेस्कोने अमूर्त वारशाच्या यादीत घेतलं.

कुरणावर किती भार आहे याचा सरकारी हिशोबही मेंढीतच होतो. एक घोडा म्हणजे सात मेंढ्या, एक गाय सहा, एक उंट पाच, शेळी एकाहून जराशी कमी.

मेंढपाळाचं वर्ष कसं जातं?

प्रत्येक ऋतूचा तळ वेगळा. हिवाळ्याचा तळ डोंगराच्या कुशीत, वाऱ्याकडे पाठ करून. तिथे दगडी किंवा लाकडी वाडा असतो आणि पिढ्यान्‌पिढ्या तेच कुटुंब तिथे येतं. वसंताचा, उन्हाळ्याचा, शरदाचा तळ निराळा. दोन-चार घरं मिळून एका ठिकाणी उतरतात, त्या सोबतीला ‘खोत आइल’ म्हणतात. सगळ्यांची मेंढरं एक करून आळीपाळीने राखायची, लोकर कातरायला आणि नमदा करायला एकमेकांकडे जायचं.

सुरुवात शरदापासून करू. मेंढी साधारण पाच महिने गाभण असते. ती भलत्या वेळी लागली तर कोकरू कडाक्याच्या थंडीत जन्मून मरतं. म्हणून नरांना एरवी वेगळं ठेवतात, किंवा त्यांच्या पोटाखाली नमद्याचा पडदा बांधतात. या पडद्याला ‘खोग’ म्हणतात. शरदाच्या शेवटी तो सोडला, की कोकरं मार्च-एप्रिलच्या सुमारास येतात.

तो काळ सर्वांत दमवणारा. तेव्हाही रात्री पारा शून्याच्या बराच खाली असतो. ओलं कोकरू पाहता पाहता गारठतं, म्हणून ते पोत्यात किंवा डेलमध्ये (म्हणजे त्यांच्या लांब अंगरख्यात) घालून गेरमध्ये आणतात. एखादी मेंढी आपलं कोकरू जवळ करत नाही, किंवा आई मेलेलं कोकरू दुसऱ्या मेंढीला लावायचं असतं. मग घरातली बाई मेंढीजवळ बसून ‘तोइग, तोइग’ असं संथ सुरात आळवत राहते. कधी बराच वेळ लागतो, पण मेंढी हळूहळू वळते आणि हुंगून कोकराला थानाशी येऊ देते. उंटांसाठी असंच गाणं असतं आणि त्याला २०१५ मध्ये युनेस्कोची मान्यता मिळाली. मेंढीचं गाणं मला त्याहून मोलाचं वाटतं, कारण ते दर वसंतात घरोघर चालतं आणि बघायला कोणी पाहुणा नसतो.

उन्हाळ्यात दूध. मेंढ्या-शेळ्यांना समोरासमोर उभं करून एका लांब दोरीत माना ओवतात आणि मागून बसून पिळतात. दुधाचं दही, दह्याचा वाळवलेला ‘आरूल’, जो हिवाळाभर टिकतो. जूनच्या आसपास लोकर कातरतात. पुढे नमदा: लोकर काठ्यांनी झोडून मोकळी करायची, जुन्या नमद्यावर थर पसरायचे, पाणी शिंपडायचं, काठीभोवती गुंडाळून कातड्यात बांधायचं आणि घोड्यामागे माळावर फरफटत न्यायचं. खाली पसरलेल्या जुन्या नमद्याला ‘आई’ म्हणतात. आपल्याकडे पश्चिम महाराष्ट्रात लोकर दाबून ‘जेन’ करतात, त्याचं तत्त्व हेच.

मेंढरांच्या कळपात इतक्या शेळ्या का दिसतात?

काही शेळ्या कळपात असणं जुनीच रीत आहे. शेळी धीट, ती पुढे चालते आणि मेंढरं मागे येतात. आपल्या धनगरांच्या कळपातही शेळ्या असतातच.

पण आजची संख्या रीतीतून आलेली नाही, बाजारातून आली आहे. समाजवादी काळात जनावरं ‘नेगदेल’ नावाच्या सामुदायिक संस्थांची होती. १९९० च्या सुमारास देशात साधारण दीड कोटी मेंढ्या होत्या आणि शेळ्या ५० लाखांच्या आसपास, म्हणजे तीनाला एक. मग ती व्यवस्था मोडली, नेगदेल विसर्जित झाले, जनावरं घरोघर वाटली गेली. कारखाने बंद पडल्यामुळे शहरातली कितीतरी माणसंही पोटासाठी मेंढपाळ झाली. याच वेळी जगात काश्मिरी लोकरीची, म्हणजे शेळीच्या अंगावरच्या मऊ आतल्या लोकरीची मागणी वाढली. मंगोलिया आज तिच्या उत्पादनात चीनखालोखाल दुसरा आहे. मेंढीच्या जाड लोकरीला भाव नाही, शेळीच्या मऊ लोकरीला आहे. वसंतात शेळी विंचरून जो पैसा येतो त्यावर मुलांचं शिक्षण आणि बँकेचे हप्ते चालतात.

२०१९ अखेर देशात ७ कोटींवर जनावरं होती. मेंढ्या ३.२ कोटी, शेळ्या २.९ कोटी. माणसं ३३ लाख. १९९० ला सगळी मिळून जनावरं २.६ कोटी होती. शेळी गवत बुंध्यापर्यंत खाते, झुडूपही सोडत नाही. माळ तेवढाच, तोंडं पावणेतीनपट. यात मेंढपाळाला दोष देणं मला पटत नाही. १९९२ च्या राज्यघटनेप्रमाणे कुरण कुणाच्या खासगी मालकीचं होत नाही, जनावर मात्र खासगी आहे. एकट्याने शेळ्या कमी केल्या तर त्याचं गवत दुसऱ्याच्या शेळ्या खातील.

‘झुद’ म्हणजे काय?

जनावरं उपाशी मारणारा हिवाळा. बर्फ इतकं पडतं की गवतापर्यंत तोंड पोहोचत नाही, तो पांढरा झुद. बर्फच नाही म्हणून प्यायला पाणी नाही, तो काळा. वितळून पुन्हा गोठलेल्या बर्फाचा टणक पापुद्रा माळावर बसला तर लोखंडी झुद. आधीचा उन्हाळा कोरडा गेलेला असेल तर जनावरं हिवाळ्यात शिरतात तीच रोडावलेली, आणि मग मार आणखी बसतो. २००९-१० च्या झुदात ८० लाखांहून जास्त जनावरं मेली, २०२३-२४ च्या झुदात ७० लाखांहून जास्त. घरचं सगळं खिल्लार एका हिवाळ्यात गेलेली कुटुंबं राजधानी उलानबातरच्या कडेला गेर टाकून राहतात.

चांगला मेंढपाळ आधीच ‘ओतोर’ काढतो, म्हणजे थोडी माणसं कळप घेऊन दूरच्या चांगल्या गवताकडे जातात. पूर्वी हे जमायचं. आता दूरचं गवतही कुणीतरी खाल्लेलं असतं, आणि अशा वर्षी कळप अर्गलीच्या टेकड्यांत आणखी आत शिरतात.

पाळीव मेंढरांमुळे अर्गलीचं खरंच नुकसान होतं का?

होतं, आणि ते बंदुकीच्या आवाजाशिवाय होत असल्यामुळे कमी दिसतं.

यावर सर्वांत चांगला अभ्यास झाला आहे तो दोर्नोगोबी प्रांतातल्या इख नार्त या राखीव क्षेत्रात. १९९६ मध्ये स्थापन झालेलं, साधारण ६६ हजार हेक्टरांचं, खडकाळ टेकड्यांचं हे रान. मंगोलियन विज्ञान अकादमी आणि अमेरिकेतलं डेन्व्हर प्राणिसंग्रहालय यांच्या सहभागाने तिथे वर्षानुवर्षं अर्गलींच्या गळ्यात रेडिओ पट्टे घालून त्यांचा माग ठेवला गेला. त्यातून दिसलं की अर्गली आणि पाळीव मेंढ्या-शेळ्या यांचं खाणं बरंच एकसारखं आहे. कळप आला की अर्गली ती जागा सोडते. गवत शिल्लक असलं तरी सोडते.

दुसरी गोष्ट कुत्र्यांची. तळाभोवती मोकळे फिरणारे कुत्रे अर्गलीचा पाठलाग करतात, कोकरं आणि मोठी जनावरंही मारतात. पट्टे घातलेल्या अर्गलींच्या मृत्यूंमध्ये कुत्रे हे दुर्लक्ष करता येणार नाही असं कारण निघालं. आणि प्रत्येक वेळी जीव जावा लागतो असंही नाही. हिवाळ्याअखेर अंगावर चरबी उरलेली नसताना रोज पळावं लागणं हेच पुरेसं आहे.

तिसरी, रोगांची. २०१६ मध्ये पश्चिम मंगोलियात मेंढ्या-शेळ्यांमध्ये पीपीआर या विषाणूजन्य रोगाची साथ आली. हा रोग आपल्या मेंढपाळांच्याही ओळखीचा आहे, त्याची लस आपल्याकडे टोचतात. तिथे काही महिन्यांत तो रानात पोहोचला आणि सायगा या हरणासारख्या प्राण्याचे निम्म्याहून जास्त कळप संपले, आयबेक्सही मेले. रोग रानातून वाड्यात येतो, अशी मेंढपाळांची भीती असते. इथे तो उलटा गेला.

आणि शिकार?

स्थानिकांना अर्गलीच्या शिकारीला फार पूर्वीपासून बंदी आहे. परदेशी शिकाऱ्यांना मात्र १९६० च्या दशकापासून मोठी रक्कम घेऊन मोजके परवाने दिले जातात. या पैशातून संवर्धन होतं असं समर्थन असतं. पैसा ज्या खोऱ्यातल्या माणसांसमोर जनावर पडतं त्यांच्यापर्यंत पोहोचत असेल तर त्यात काही अर्थ आहे. राजधानीतच अडकत असेल तर मेंढपाळाला अर्गली राखण्याचं कारणच उरत नाही. परवान्याशिवाय मटणासाठी आणि शिंगांसाठी होणारी चोरटी शिकार वेगळीच. २००९ च्या राष्ट्रीय पाहणीत देशात १८ ते २० हजार अर्गली असल्याचा अंदाज निघाला. जागतिक लाल यादीत ती ‘संकटाच्या जवळ’ या वर्गात आहे.

मेंढपाळाला अर्गलीबद्दल काय वाटतं?

राग तरी नक्कीच नाही. लांडगा मेंढरू नेतो, हिमबिबट्या नेतो. अर्गली काही नेत नाही. माळावर किंवा डोंगराच्या खिंडीत दगड रचून केलेलं ‘ओवो’ नावाचं पूजास्थान असतं. पश्चिमेकडे त्यावर अर्गलीची आणि आयबेक्सची शिंगं ठेवलेली दिसतात. गेरच्या दारावर, पेटीवर, गालिच्यावर जी वळणावळणाची नक्षी असते तिला ‘उगाल्झ’ म्हणतात. अर्गलीच्या नराचं नावही तेच. अल्ताईतली हजारो वर्षांपूर्वीची खडकचित्रं २०११ मध्ये जागतिक वारशात आली, त्यांत अर्गली आणि तिच्यामागे लागलेले धनुर्धारी पुन्हा पुन्हा कोरलेले आहेत.

मेंढी कापण्याची त्यांची पद्धत वेगळी का?

छातीखाली लहान चीर देऊन आत हात घालतात आणि हृदयाजवळची मोठी रक्तवाहिनी बोटांनी तोडतात. रक्ताचा थेंबही जमिनीवर सांडू नये हा जुना दंडक. रक्त आतच साचतं, ते काढून आतड्यांत भरून शिजवतात. पश्चिमेकडच्या बायान-ओल्गी प्रांतातले कझाक मुसलमान मात्र हलाल पद्धतीने कापतात. काही जनावरं कधीच कापत नाहीत. त्यांना ‘सेतेर’ म्हणजे रंगीत फीत बांधून देवाला सोडलेलं असतं. ती म्हातारी होऊन आपल्या मरणाने मरतात.

मग दोघांनाही जागा उरेल असा काही मार्ग आहे का?

जे चाललं आहे त्यात मला सर्वांत आशेचं वाटतं ते लोकरीशी बांधलेलं काम. १९९८ पासून हिमबिबट्याच्या प्रदेशातल्या मंगोल बायकांकडून मेंढी आणि उंटाच्या लोकरीच्या वस्तू विकत घेण्याचा एक उपक्रम चालतो. त्यातली अट अशी की त्या वस्तीच्या परिसरात वर्षभर चोरटी शिकार झाली नाही तर सगळ्यांना वरकड रक्कम, एकाने जरी मोडलं तरी कुणालाच नाही. त्यामुळे शेजारीच शेजाऱ्यावर लक्ष ठेवतो. या उपक्रमाच्या उभारणीत असलेल्या बायार्जार्गाल आग्वान्त्सेरेन यांनी पुढे दक्षिण गोबीतल्या तोस्त डोंगरांत खाणींविरुद्ध लढा दिला. २०१६ मध्ये तो टापू राखीव झाला आणि २०१९ मध्ये त्यांना गोल्डमन पर्यावरण पुरस्कार मिळाला. जिच्या लोकरीला एरवी भाव नाही त्या मेंढीला इथे किंमत येते, आणि शेळी वाढवण्याची ओढ तेवढी कमी होते.

बाकी गोष्टी साध्या आहेत आणि अवघडही. अर्गली वितात त्या वसंतातल्या आठवड्यांत ठरावीक टेकड्यांकडे कळप न नेणं. कुत्रे बांधणं किंवा ‘बांखार’ जातीच्या राखणदार कुत्र्यांना लहानपणापासून कळपातच वाढवणं, म्हणजे ते भटकत नाहीत. लसीकरण वेळेवर. इख नार्तमध्ये स्थानिक माणसंच वनरक्षक आहेत, आणि कुणाचा कळप कुठे उतरला हे त्यांना शेजारी म्हणूनच माहीत असतं.

पाहायला जायचं असेल तर?

इख नार्त उलानबातरच्या आग्नेयेला आहे आणि रेल्वेमार्गापासून फार लांब नाही. मध्य गोबीतल्या बागा गाझरीन चुलू इथेही अर्गली आणि आयबेक्स दोन्ही आहेत. दुर्बीण न्या, सकाळी लवकर निघा, आणि मोटारीतून पाठलाग करायला चालकाला कधीही सांगू नका. वाटेत एखाद्या गेरजवळ जायचं झालं तर लांबूनच थांबून ‘नोखोई खोर!’ अशी हाक द्यायची रीत आहे. ‘कुत्रं धरा’ असा तिचा अर्थ. आतून कुणीतरी बाहेर येईल, कुत्र्याला आवरेल, आणि तुम्हाला मिठाचा दुधाळ चहा मिळेल.